मिडल-अर्थच्या दफ्तरदाराच्या गावात

पहिला दिवस : शुक्रवार, ३१ ऑगस्ट २०१८

हीथ्रोहून सुटलेली बस दीड तासात ऑक्सफर्डच्या हेडिंग्टन भागात आली. भाची थांब्यावर उभीच होती. "मामा, आधी वरण-भात, मग झोप. तुझा टॉल्किन उद्या," म्हणत तिने बॅग हातातून घेतली. ती इथल्या एका रुग्णालयात काम करते. तिच्या खोलीपासून सँडफील्ड रोड चालत पाच मिनिटांवर आहे. त्या रस्त्यावरच्या ७६ नंबरच्या घरात इंग्रजी लेखक जे. आर. आर. टॉल्किन १९५३ ते १९६८ राहत होते. तिला हे ठाऊक नव्हतं. रोज त्याच वाटेने कामावर जाते म्हणाली.

मला ओढ होती ती त्यांच्या मुलाची. क्रिस्टोफर टॉल्किन, चार भावंडांतले तिसरे, जन्म २१ नोव्हेंबर १९२४, लीड्स. वडिलांनी मिडल-अर्थ नावाचं जग रचलं; त्याच्या भाषा, वंशावळी, युगं, नकाशे. हे सगळं जग छापील पुस्तकांत मावलं नाही. २ सप्टेंबर १९७३ला वडील गेले तेव्हा मुलाच्या पदरात ७० खोकी कागद पडले. ते लावता लावता मुलाची पंचेचाळीस वर्षं गेली.

माझं सारं आयुष्य मोडी कागद वाचण्यात गेलं. रुमाल, म्हणजे कागद बांधलेलं फडकं, सोडायचा, कागद उलगडायचे, अक्षर लागेपर्यंत भिंग धरून बसायचं आणि संध्याकाळी रुमाल पुन्हा बांधायचा. पेशवाईतल्या पत्रावर पुष्कळदा नुसता चंद्र आणि महिना असतो, 'छ १२ रबिलावल' एवढाच. साल नसतंच. ते मजकुरातून, अक्षराच्या वळणावरून, कागदाच्या जातीवरून काढावं लागतं. निवृत्त झाल्यावर एका पुतण्याने टॉल्किनची पुस्तकं हातात दिली. गोष्ट आवडलीच, पण मागोमाग क्रिस्टोफर यांनी संपादलेले बारा खंड आले आणि पहिल्याच खंडात मला आमच्या दफ्तरखान्यातला माणूस भेटला. अमुक शब्द लागत नाही, तमुक ओळीवर शिसपेन आहे नि तिच्यावरून शाई फिरवली आहे, हे पान त्या पानाच्या आधीचं असावं कारण नाव अजून जुनंच आहे. अशाच भाषेत आम्ही दिवसभर बोलायचो.

झोप काही लागेना. संध्याकाळी भाचीला घेऊन ब्रॉड स्ट्रीटवरच्या ब्लॅकवेल्स या पुस्तकांच्या दुकानात गेलो. दर्शनी टेबलावर 'द फॉल ऑफ गॉन्डोलिन' रचून ठेवलं होतं, आदल्याच दिवशी प्रकाशित झालेलं. संपादक क्रिस्टोफर टॉल्किन, वय ९३. गॉन्डोलिनच्या पाडावाची गोष्ट वडिलांनी प्रथम लिहिली ती पहिल्या महायुद्धातल्या सोमच्या लढाईतून तापाने आजारी होऊन परतल्यावर, १९१६-१७च्या सुमारास, मिडल-अर्थच्या कथांत अगदी आरंभी. ती स्वतंत्र पुस्तक म्हणून मुलाने सगळ्यात शेवटी छापली. मधे शंभर वर्षं गेली. आदल्या वर्षीच्या पुस्तकात त्यांनी लिहिलं होतं की हे बहुधा माझं शेवटचं. या पुस्तकात 'बहुधा' काढून टाकलं आहे.

दुसरा दिवस : शनिवार, १ सप्टेंबर

वेस्टन ग्रंथालय ब्लॅकवेल्सच्या शेजारीच. बोडलियनची, म्हणजे ऑक्सफर्ड विद्यापीठाच्या ग्रंथालयाची, ही नवी इमारत १९३०च्या दशकात बांधायला घेतलेली, आणि २०१५ साली आतून पूर्ण बदलून लोकांसाठी उघडलेली. टॉल्किनच्या कागदांचं प्रदर्शन जूनपासून लागलं होतं. तिकीट फुकट, पण वेळ ठरवून घ्यावं लागायचं. भाचीने सकाळचं पहिलं मिळवलं होतं.

आत अंधुक उजेड. कागदाला प्रकाश सोसत नाही, हे आम्ही आमच्याकडे कितीदा सांगायचो! इथे ते पाळलेलं पाहून पहिल्या पाच मिनिटांतच जीव निवला. बायका, म्हातारे, अंगभर टॅटू काढलेली पोरं, सगळे काचेवर वाकून हळू आवाजात बोलत होते.

जलरंगातली चित्रं सुंदर आहेत. मुलांना दर नाताळात फादर ख्रिसमसच्या नावाने पाठवलेली पत्रं आहेत. उत्तर ध्रुवावर थंडीने हात कापतो म्हणून अक्षर मुद्दाम थरथरतं काढलेलं. हे सगळं मी पाहिलं, पण सांगायचं आहे ते तीन पानांबद्दल.

'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये मोरियाच्या खाणीत प्रवाशांना एक फाटकं, जळकं दफ्तर सापडतं, माझारबुलचं पुस्तक. तिथे मेलेल्या बुटक्यांनी शेवटपर्यंत लिहिलेला रोजनामाच तो. प्रवाशांतला जादूगार गॅन्डाल्फ ते वाचतो. काही शब्द लागतात, काही नाही, मधेच पान जळलेलं, मधेच डाग. गोष्टीत हे एवढंच. पण टॉल्किन यांनी ती पानं खरोखर तयार केली होती. बुटक्यांच्या कोरीव लिपीत आणि एल्फांच्या वळणदार लिपीत मजकूर लिहिला, कडा पाइपने जाळल्या, शिवणीचा दोरा ओवल्यासारखी भोकं पाडली, रक्त म्हणून लाल रंग ओतला. १९५४ साली खर्च परवडेना म्हणून प्रकाशकाने ती पानं पुस्तकात घेतली नाहीत.

आणि ही जळकी पानं आता बोडलियनमध्ये आहेत. इथल्या वाचकाला शपथ घ्यावी लागते की ग्रंथालयात मी आग किंवा ज्योत आणणार नाही, पेटवणार नाही. भाचीला हे सांगितलं तर ती कितीतरी वेळ काचेसमोरून हलेना.

मीही तिथून हललो नाही. मी अशी पानं खरीखुरी हाताळली आहेत. वाळवीने खाल्लेली, पावसाने चिकटलेली, दिव्याजवळ धरल्याने कोपरा करपलेली. 'पुढे कागद फाटला आहे' हे चार शब्द मी किती वेळा लिहिले असतील! आणि हा माणूस ती फाट स्वतः बनवत होता, कारण त्याच्या मते ज्या जगाला जळकं दफ्तर नाही ते जग खरं वाटत नाही. मग त्याच्यामागे मुलाच्या वाट्याला खरोखरचं विस्कटलेलं दफ्तर आलं. वडिलांना कोरा कागद दिसला की तो वापरायची सवय. विद्यार्थ्यांच्या उत्तरपत्रिकांच्या कोऱ्या बाजूंवर प्रकरणंच्या प्रकरणं लिहिलेली. त्या उत्तरपत्रिकांवरूनच मुलाला काही मसुद्यांचा काळ ठरवता आला. आमच्याकडे हिशेबाच्या बंदाच्या पाठीवर पत्राचा मसुदा निघाला की आम्ही असेच हरखायचो.

दुपारी ग्रंथालयाच्या मोठ्या दालनात चहा घेताना भाचीने विचारलं, "पण मामा, वडिलांचीच पुस्तकं तर छापली. त्यात एवढं काय मोठं?"

मी तिला 'सिल्मरिलियन' या ग्रंथाची हकीकत सांगितली, आणि ती सांगताना माझा आवाज चढला होता हे मला नंतर कळलं.

वडील आयुष्यभर त्या एका ग्रंथावर काम करत राहिले आणि तो पुरा झाला नाही. एकाच कथेची तीन-चार रूपं, मधल्या चाळीस वर्षांत बदललेली नावं, काही कथा तपशिलात तर काही दोन पानांत आटोपलेल्या. क्रिस्टोफर यांनी १९७४-७५मध्ये गाय गॅव्हरिएल के या कॅनडाच्या तरुण विद्यार्थ्याला मदतीला घेतलं आणि सगळ्या कागदांतून वेचून एकसंध पुस्तक जुळवलं. १९७७ साली ते आलं, प्रचंड खपलं. तिथेच ते थांबले असते तरी कुणी बोट ठेवलं नसतं. सांधे कुठे आहेत हे कळायला जे कागद लागतात ते त्यांच्याच घरात होते.

पण त्यांनी १९८३पासून तेच कागद एकेक करून छापायला काढले. १९९६पर्यंत बारा खंड. पहिल्याच खंडाच्या प्रस्तावनेत ते म्हणतात की सिल्मरिलियन कसलीही चौकट न देता, या कथा कुणी कुणाला सांगितल्या याचा धागा न ठेवता छापला, ही माझी चूक झाली. अकराव्या खंडात, १९९४ साली, तर त्याहून पुढे जातात. डोरियाथ या एल्फांच्या राज्याच्या विनाशाचं प्रकरण वडिलांनी १९३०नंतर पुन्हा नीट लिहिलंच नव्हतं. ते आम्ही रचलं, आणि तसं करताना मी संपादकाची मर्यादा ओलांडली, असं त्यांनी सरळ नोंदवून ठेवलं आहे. छापून सतरा वर्षं झाल्यावर. कुणी विचारलेलं नसताना.

भाची गप्प झाली होती. मीही. कारण पुढचं वाक्य मला तिला सांगायचं होतं आणि ते जिभेवर येत नव्हतं.

तिसरा दिवस : रविवार, २ सप्टेंबर

सकाळी नॉर्थमूर रोड. झाडांची शांत गल्ली, विटांची मोठी घरं. २० नंबरच्या घरावर निळी पाटी आहे: टॉल्किन इथे १९३० ते १९४७ राहिले. घर खाजगी आहे, त्यामुळे रस्त्याच्या पलीकडूनच पाहिलं. क्रिस्टोफर यांची पहिली शाळा, ड्रॅगन स्कूल, इथून जवळच.

याच घरात वडील रात्री मुलांना हॉबिटची गोष्ट सांगत. चार-पाच वर्षांचा क्रिस्टोफर मधेच अडवायचा. मागच्या वेळी तुम्ही बिल्बोचं दार निळं सांगितलंत, आज हिरवं कसं? थोरिनच्या टोपीचा गोंडा सोन्याचा होता ना? वडील वैतागून पुटपुटत उठायचे आणि टिपून ठेवायचे. पुढे पुस्तक छापून आलं तेव्हा पोरगा आजारी होऊन अंथरुणात होता. छापील प्रतीतल्या चुका शोधायच्या, एका चुकीला दोन पेन्स, असा वडिलांनी दर बांधून दिला. बालपणीच हे काम त्याच्याकडे आलं होतं.

मग युद्ध. ट्रिनिटी कॉलेजातलं शिक्षण अर्धवट टाकून क्रिस्टोफर हवाई दलात गेला आणि १९४४ साली विमान चालवायचं शिकायला दक्षिण आफ्रिकेत पोचला. वडील तिकडे पत्रांबरोबर 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'ची प्रकरणं पाठवत. फ्रोडो आणि सॅम मॉर्डरच्या वाटेला लागले तो भाग हप्त्याहप्त्याने त्याने तिथे वाचला. मला वाटतं, ते लिखाण तेव्हा पुढे सरकलं ते बरंचसं या एका वाचकासाठी. पुढे नकाशा काढायचं कामही त्याचंच. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या नकाशाच्या कोपऱ्यात बारीक अक्षरं आहेत, सी. जे. आर. टी. आम्ही सगळे ज्या नकाशावर बोट फिरवत पुस्तक वाचतो तो त्याच्या हातचा.

तिथून बॅनबरी रस्त्यावरून बसने वुल्व्हरकोटच्या दफनभूमीत गेलो. आत शिरल्यावर छोट्या पाट्या वाट दाखवतात. कॅथलिकांच्या भागात एक साधा करडा दगड. एडिथ मेरी टॉल्किन, लुथिएन, १८८९-१९७१. खाली जॉन रोनाल्ड रोएल टॉल्किन, बेरेन, १८९२-१९७३.

आज पंचेचाळिसावी पुण्यतिथी, त्यामुळे माणसं होती. कुणी पेन ठेवलं होतं, कुणी लहान मुलाच्या अक्षरातली चिठ्ठी, कुणी पितळी अंगठी. दगडापुढची गुलाबं आपली आपण वाढल्यासारखी दिसत होती. भाचीने चप्पल काढली. तिचं पाहून मीही काढली. शेजारची मुलगी आमच्याकडे पाहून हसली आणि बाजूला सरकून जागा दिली.

लुथिएन ही टॉल्किनच्या कथेतली नायिका, बेरेन तिचा प्रियकर. लुथिएन हे नाव दगडावर का हवं, हे वडिलांनी १९७२च्या जुलैमध्ये पत्र लिहून कळवलं ते क्रिस्टोफरलाच. तरुणपणी, यॉर्कशरमध्ये रूस गावाजवळच्या रानात एडिथ त्यांच्यासाठी नाचली होती आणि तिथून लुथिएनची कथा सुरू झाली. सव्वा वर्षाच्या आतच ते गेले, आणि मग त्यांच्या नावाखाली बेरेन लिहिलं गेलं. बेरेन नि लुथिएनच्या कथेची निरनिराळी रूपं एकापाठोपाठ एक मांडून मुलाने छापली ती २०१७ साली. ज्याच्या घरातल्या माणसांची नावं दगडावर आहेत त्यालाच त्या नावांच्या खोडाखोडी वाचायच्या होत्या. आधी लिहिलेलं, मग काटलेलं, मग परत आणलेलं. मला परक्या कारकुनाचे कागद वाचतानाही कधी कधी गलबलून येई. या माणसाला रोज वडिलांचं अक्षर समोर घेऊन बसताना काय होत असेल!

तिथल्या बाकावर बसून मी भाचीला ते वाक्य सांगितलं.

तेवीस वर्षांपूर्वी मी संपादित केलेल्या एका पत्रसंग्रहात भाताच्या जमाखर्चाचा एक कागद आहे. त्यात आकड्याच्या जागी कागद फाटलेला होता. दुसऱ्या एका बंदात त्याच गावचा आकडा सात खंडी होता. मी 'भात खंडी सात' असं सरळ छापलं. कंस घातला नाही, टीप दिली नाही. घाई होती आणि मला खात्री होती. पुढे कुणीतरी त्या आकड्यावर एक लेख लिहिला, त्या लेखावरून दुसऱ्याने. नंतर कधीतरी मूळ कागद पुन्हा हाती आला तेव्हा फाटीच्या काठाला एका अक्षराची शेपटी दिसली, आणि ती 'सात'ची नाही. मी रुमाल बांधून जागेवर ठेवला. कुणाला बोललो नाही.

"मग आता?" भाची म्हणाली.

मी उत्तर दिलं नाही. परतीच्या बसमध्ये तिने माझा हात धरून ठेवला होता.

चौथा दिवस : सोमवार, ३ सप्टेंबर

भाचीची ड्यूटी होती, म्हणून एकटाच निघालो. सकाळी न्यू कॉलेज. नाव नवं, स्थापना १३७९ची. क्रिस्टोफर इथे जुनं आणि मध्ययुगीन इंग्रजी शिकवत. विद्वान म्हणून त्यांचं स्वतःचं काम होतं. राजा हाइड्रेकची प्राचीन नॉर्स सागा त्यांनी १९६०मध्ये भाषांतर आणि टिपांसह संपादित केली. १९७५ साली, पन्नाशी नुकतीच उलटलेली, त्यांनी ही नोकरी सोडली, वडिलांचे कागद घेऊन फ्रान्सच्या दक्षिणेला गेले आणि पुढचं सारं काम तिथेच केलं. मठासारख्या त्या चौकात मी बराच वेळ फिरलो. हिरवळ, दगडी कमानी, एक प्रचंड जुनं झाड. अशी जागा सोडून जाणं मला जमलं असतं का, ते सांगता येत नाही.

दुपारी सेंट जाइल्सवरच्या 'ईगल अँड चाइल्ड'मध्ये सूप घेतलं. मंगळवारी इथे इंकलिंग्ज, म्हणजे टॉल्किन आणि त्यांच्या लेखक मित्रांचं मंडळ, जमत. गुरुवारी रात्री सी. एस. लुइसच्या मॉडलिन कॉलेजातल्या खोलीत लिखाणाचं वाचन होई. युद्ध संपल्यावर क्रिस्टोफरलाही त्या मंडळात घेतलं आणि 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' मोठ्याने वाचायचं काम त्याच्याकडे आलं, कारण तो वडिलांपेक्षा चांगला वाचतो असं सगळ्यांचं मत पडलं. आतल्या खोलीत भिंतीवर त्या मंडळींची पाटी होती. खोली लहान आणि काळोखी.

मग पुन्हा वेस्टन. दुपारचं एक तिकीट उरलं होतं.

या वेळी माणसांकडे पाहत बसलो. दहा-अकरा वर्षांची एक मुलगी हस्तलिखितावर नाक टेकवून आजीला एकेक शब्द वाचून दाखवत होती आणि मधेच म्हणाली की हा नाही वाचता येत. आजीने वाकून पाहिलं. तिलाही लागला नाही. दोघी पुढच्या शब्दावर गेल्या.

'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे कागदही एका जागी नाहीत. १९५७ साली अमेरिकेतल्या मिलवॉकीच्या मार्केट विद्यापीठाने हस्तलिखितं विकत घेतली, १५०० पौंडांना. पण जाताना सगळे कागद गेले नाहीत. काही मसुदे इंग्लंडातच राहिले. एकाच प्रकरणाची काही पानं महासागराच्या या बाजूला, काही त्या बाजूला. क्रिस्टोफर यांनी छायाप्रती मागवून ती जुळवली आणि आपल्याकडचे उरलेले कागद मागाहून मार्केटला देऊन टाकले, म्हणजे पुढच्या वाचकाला ते एकत्र मिळावेत. एका घराण्याचं दफ्तर चार भावांत वाटलं गेलेलं मी पाहिलं आहे. एकानेही आपला वाटा दुसऱ्याला दिला नाही. म्हणून ही गोष्ट मला बारा खंडांइतकीच मोठी वाटते.

निघताना माझारबुलच्या पानांसमोर पुन्हा उभा राहिलो. मजकूर जिथे जळतो तिथे तो जळतोच. पुढे काय होतं ते टॉल्किन यांनी लिहिलेलं नाही, आणि गॅन्डाल्फही कुठे अंदाजाने शब्द घालतो तेव्हा तो अंदाज आहे हे सांगूनच पुढे जातो.

हे लिहितोय तेव्हा क्रिस्टोफर टॉल्किन हयात नाहीत. १६ जानेवारी २०२०ला, वयाच्या ९५व्या वर्षी, फ्रान्समध्ये ते गेले. मी ऑक्सफर्डच्या गल्ल्यांत हिंडत होतो तेव्हा ते तिकडे होते, या विचाराने अजूनही बरं वाटतं.

पाचवा दिवस : मंगळवार, ४ सप्टेंबर

भाची थांब्यावर सोडायला आली. डब्यात थालीपीठं, लोणचं. तिने पर्समधून एक शिसपेन काढून माझ्या खिशात खोचली, प्रदर्शनाच्या दुकानातून घेतलेली. "पेनने नको लिहूस, हात थरथरतो तुझा," म्हणाली.

बस सुटल्यावर वही काढली. पान क्रमांक मला पाठ आहे, ओळही. दोनदा खोडून तिसऱ्यांदा नीट लिहिलं:

शुद्धिपत्र. पृष्ठ ११४, ओळ ९. 'सात' हा शब्द मूळ कागदावर नाही, तो संपादकाने घातला आहे. या ठिकाणी कागद फाटला आहे. फाटीच्या काठाशी एका अक्षराचा शेवट दिसतो, तो 'सात'शी जुळत नाही.